जागा सांगणार नाही

जागा मीच दाखवली. कुणी दमदाटी केली नव्हती. जीपच्या पुढच्या सीटवर बसायला मिळालं, म्हणून हुरळून जाऊन, पुढं पुढं करत दाखवली.

सांगोल्याकडचा आमचा माळ. नाव सांगायला आता हरकत नाही, तिथं काही उरलेलं नाही.

मे महिना होता. दगडांच्या बेचक्यांतून बोटभर उंचीची पांढरी फुलं वर आलेली. पान एकही नाही. या कंदाचं असंच असतं. आधी फूल, ते सुकलं की पान, आणि मग पुढच्या उन्हाळ्यापर्यंत नुसता दगड. माहीत नसलेला माणूस त्याच्यावर बसून डबा खाऊन जाईल. मला माहीत होता, कारण लहानपणी याच माळावर मी मेंढरं राखली. मेंढरं दिसेल ते खातात, या कंदाच्या पानाला मात्र शिवत नाहीत.

हे सगळं मी सरांना आणि त्यांच्या पुण्याच्या पाहुण्यांना रंगवून सांगितलं. सर म्हणजे माझे गाईड. त्यांच्या सहीशिवाय माझी पीएच.डी. हलणार नव्हती. सर पाहुण्यांकडं वळून म्हणाले, "हा आमचा मेंढका. हुंगून कंद काढतो."

सगळे हसले. मीही हसलो. सगळ्यांत मोठ्यानं मीच.

पाहुण्यांनी कॅमेरा काढला. मी फुलांशेजारी उकिडवा बसलो होतो, आपणही फोटोत येऊ म्हणून केसांवरून हात फिरवत.

"बाजूला हो रे," सर म्हणाले. "तुझी सावली पडतेय."

बाजूला झालो. सावलीसकट.

मग सर म्हणाले, "काढ."

आमच्या अभ्यासात एक शिस्त असते. नमुन्यापुरता एखादा कंद घ्यायचा, बाकीच्यांना हात लावायचा नाही. जगात ते तेवढेच असू शकतात. ही शिस्त मला सरांनीच शिकवली होती. मी विचारलं, "एकच ना, सर?"

"सगळे काढ. बंगल्यात लावू. पाहुण्यांनाही देऊ."

टिकाव जीपमध्ये होताच. सकाळी मी तो पाहिलाही होता. मला वाटलं, टायर बदलायला लागत असेल. असा मी हुशार.

सगळे काढले. मीच. कंदाच्या चिकानं आधी हातांची आग झाली, मग खाज, मग काहीच नाही. ते काहीच नाही बरेच दिवस टिकलं. हातांपुरतं राहिलं नाही.

बंगल्यात माळी रोज पाइपनं पाणी घालायचा. तहानेवर जगणारा कंद, तो कुजला. मला सरांचा फोन आला. "तुमच्याकडचीच झाडं ना ती? तूच बघ काय ते."

रविवारी गेलो. मातीत हात घातला, तर बोटं कंदातून आरपार गेली. शेंबडासारखा लगदा. एकही शाबूत नव्हता. खिडकीतून सरांच्या मिसेसचा आवाज आला, "त्याला बाहेरच्या नळावर हात धुवायला सांगा. आणि चहा त्या वेगळ्या कपात द्या."

तो कप कानतुटका होता. मी चहा प्यालो. साखर कमी आहे, एवढंच मनात आलं. अशा वेळी संताप यायला हवा असतो, हे मला पुढं पुस्तकं वाचून कळलं.

पुढच्या उन्हाळ्यात मला त्याच कंदाची दुसरी जागा सापडली. कुठं, ते इथंही सांगणार नाही. पण तेव्हा मी काय केलं? प्रबंधात थाटात लिहून टाकलं, दुसरी वस्ती आढळली. शहाणपण माझ्याकडं आमच्या गावच्या एसटीसारखं येतं. उशिरा, आणि कधी कधी येतच नाही.

सरांनी केबिनमध्ये बोलावलं. कोरा कागद आणि स्वतःचं पेन पुढं केलं.

"नकाशा काढ."

"कशाला, सर?"

"पाहुणे परत येतायत. आणि सहीची घाई तुला आहे, मला नाही."

पेन हातात घेतलं. माळाची कड काढली. ओढा काढला. आणि बोटांना एकदम तो लगदा लागला. त्या रविवारी हात घालूनही न जाणवलेला.

"न्हाय सांगत," मी म्हणालो.

"नीट बोल."

"नीटच बोलतोय, सर. न्हाय सांगत."

"मग सहीही नाही."

"नको."

कागदाचा बोळा करून खिशात घातला. छाती वगैरे काही फुगली नव्हती. बाहेर आल्यावर कळलं, सरांचं पेन माझ्याच हातात राहिलंय. परत द्यायला गेलो नाही.

सही आजही नाही. सोलापुरात दोन कॉलेजांत तासिका तत्त्वावर शिकवतो. सुटीत मोडनिंब-माढ्याकडं गुलछडीवाल्या शेतकऱ्यांना कंद कुजू नये म्हणून काय करायचं ते सांगत हिंडतो. ते मला डॉक्टर म्हणतात. नाही म्हटलं तरी म्हणतात. गाईड बदलायचा अर्ज केलाय, प्रबंध पुन्हा लिहितोय. त्यात मुळं, खवले, परागकण, सगळं असेल. जागा नसेल. नवा गाईड विचारेल, त्यालाही सांगणार नाही. त्या माळाच्या बदल्यात पदवी मिळणार असेल, तर ती माझ्याविना राहू दे.

दर मे महिन्यात त्या दुसऱ्या जागी जातो. दरवेळी वेगळ्या बाजूनं, पायवाट पडू नये म्हणून. फुलांशेजारी बसतो. त्यांच्यावर माझी सावली पडते. पडू देतो.

आईला हे सगळं यंदा पहिल्यांदा सांगितलं. लसूण सोलत ऐकत होती. सगळं ऐकून झाल्यावर मान वर न करता म्हणाली, "कुटं चरून आलं ते मेंढरूसुदीक कुणाला सांगत न्हाय. आन् तू एवढा शिकल्याला, जीपमदी बसून सांगत गेलास व्हय रं?"