मामा नसलेला अल्बम

सरोजिनीबाई रबाळ्याच्या एका कारखान्यात रबरी सील तपासायच्या. नोकरीभर हेच काम. सील हातात घ्यायचं, बोटानं कड चाचपायची, चांगलं असलं तर पुढे सोडायचं, नाहीतर लाल क्रेटमध्ये टाकायचं. क्रेट भरला की प्रॉडक्शनचे लोक कुरकुरत यायचे, साहेबांचा फोन यायचा. बाई सगळं ऐकून घ्यायच्या आणि क्रेट जागचा हलू द्यायच्या नाहीत. पण कंपनीच्या गेटाबाहेर आल्या की हा करारीपणा कुठं जायचा कोण जाणे. शिंप्यानं ब्लाऊज घट्ट शिवला तर त्या घरी येऊन स्वतः उसवत बसायच्या. हॉटेलात भाजी आंबूस लागली तरी वेटरला ‘छान आहे’ म्हणायच्या. त्यांचे यजमान सुभाषराव चेष्टेनं म्हणायचे, खरं बोलायला हिला पगार लागतो.

त्या रिटायर झाल्या आणि त्याच हिवाळ्यात त्यांच्या एकुलत्या एका मुलीचं, क्षिप्राचं, लग्न ठरलं. मुलगी बंगळुरूला नोकरीत, जावई अभिरामही तिकडेच. त्यामुळे हॉल, जेवण, फोटो हे सगळं बाईंनीच कोपरखैरण्याच्या घरात बसून मोबाईलवर ठरवलं. एका वेबसाईटवर फोटोग्राफर, केटरर यांची नावं आणि लोकांचे अभिप्राय होते. बाईंनी ते मन लावून वाचले. स्वराज नावाच्या कळंबोलीच्या फोटोग्राफरबद्दल राजलक्ष्मी नावाच्या एका बाईंनी लिहिलं होतं, की यांनी घरातल्या एकूणएक माणसाला टिपलं, डोळे झाकून यांनाच बोलवा. ते वाचून बाईंनी त्याला पक्कं केलं.

पनवेलच्या हॉलमध्ये लग्न झालं. बोभाटा व्हावा असं काहीच घडलं नाही. पुऱ्या गार होत्या, शेवटच्या पंगतीला मसालेभात पुरला नाही, म्हणून त्या लोकांना साधा वरणभात वाढला. पण माणसं ‘मस्त झालं हो’ म्हणत गेली, आणि बाईंनीही ते खरं मानून घेतलं.

काही आठवड्यांनी अल्बम आला. क्षिप्रा आणि अभिरामचे फोटो सुरेख होते. कारंज्यापाशी, जिन्यात, फुलांच्या झोपाळ्यावर. बाई पानं उलटत गेल्या, मग पुन्हा पहिल्यापासून उलटली. मंगलाष्टकांच्या वेळी मुलीच्या पाठीशी मामा उभा असतो. इथे अंतरपाट होता, भटजी होते, क्षिप्रा होती, आणि तिच्या मागे एक फेटा आणि अर्धा खांदा. मामाचा चेहरा सबंध अल्बममध्ये नव्हता. सोबत आलेल्या पेन ड्राईव्हमध्ये शोधलं, तिथेही नाही.

हा मामा म्हणजे बाईंचा धाकटा भाऊ कृष्णात. गडहिंग्लजकडे एसटीच्या डेपोत मेकॅनिक. क्षिप्रा लहान असताना बाईंना शिफ्टची ड्यूटी लागली, सुभाषरावांची बदली झालेली, तेव्हा पोर त्याच्याच घरी वाढली. तिला सायकल त्यानं शिकवली, कांजिण्यांत उशाशी तोच बसला. क्षिप्राचं लग्न झाल्यापासून दर रविवारी त्याचा फोन यायचा. ‘आक्का, फोटू आला का गं? मोठा करून भिंतीवर लावायचाय.’ आणि बाई दर रविवारी म्हणायच्या, येईल रे.

त्याच आठवड्यात स्वराजचा मेसेज आला, काकू, पाच स्टार द्या ना. पाठोपाठ केटररचाही आला. सुभाषरावांचं मत सरळ होतं. लग्न नीट पार पडलं, आता कशाला कुणाच्या धंद्यात खोडा घालायचा. क्षिप्राला मात्र वेगळीच धास्ती होती. जेवण गार होतं, फोटो राहिले, असं सगळ्या जगाला दिसेल असं लिहिलं, तर सासरची माणसं म्हणतील की मुलीकडच्यांनीच आपल्या तोंडानं कबूल केलं. ‘आई, लोक माझ्या लग्नाचा रिव्ह्यू म्हणून वाचतील ते,’ ती म्हणाली. बाईंना ते पटलं. विहीणबाई, वैजयंतीबाई, तशा मितभाषी होत्या. त्यांच्या मनात काय आहे ते कधी कळायचं नाही. बाईंनी फोन बाजूला ठेवून दिला.

पण विषय डोक्यातून जाईना. एक दिवस त्यांनी वेबसाईटवरूनच त्या राजलक्ष्मीबाईंना निरोप पाठवला, तुमचा अल्बम वेळेवर आला होता का, म्हणून. त्या खारघरच्या निघाल्या. त्यांनी स्वतःहून फोन केला, आणि बऱ्याच आढेवेढ्यांनंतर सांगितलं की तो अभिप्राय त्यांनी लग्नाच्या हॉलमध्येच लिहिला होता. स्वराज मोबाईल पुढे धरून उभा होता, नाही कसं म्हणणार? त्यांच्या अल्बममध्ये सासऱ्यांचा एकही धड फोटो नव्हता. मग नंतर अभिप्राय बदलला का नाही, असं सरोजिनीबाईंनी विचारलं. राजलक्ष्मीबाई म्हणाल्या, ‘कोण वाचतं हो तसलं काही?’

‘मी वाचलं,’ सरोजिनीबाई म्हणाल्या.

त्या दिवशी त्यांना स्वराजपेक्षा या न पाहिलेल्या बाईचा जास्त राग आला. आणि संध्याकाळी भाजी निवडताना लक्षात आलं, की आपणही आजवर हेच करत आलो. आपण ‘छान आहे’ म्हटलेल्या हॉटेलात आपल्यामागून कितीजण जेवले असतील.

तरी माणसाला न विचारता लिहायचं नाही, असं त्यांनी ठरवलं आणि त्या कळंबोलीला गेल्या. ट्रकच्या स्पेअर पार्टच्या दुकानाच्या वर स्वराजचा लहानसा स्टुडिओ होता. त्यानं आदरानं बसवलं, चहा मागवला. मामाचं ऐकल्यावर आधी म्हणाला, गर्दी फार होती. मग खरं काय ते बोलला. दोन फोटोग्राफर ठरले होते. त्यातल्या दुसऱ्याला त्यानं ऐनवेळी कामोठ्याच्या एका साखरपुड्याला पाठवून दिलं. वाटलं, एकट्यानं निभेल.

‘काकू, टेन्शन नका घेऊ, मी मामांचा फोटो करून देतो,’ तो म्हणाला. ‘फक्त एक रिक्वेस्ट आहे, स्टार कमी करू नका. आमचं सगळं त्याच्यावरच चालतं.’

दोन दिवसांत फोटो आला. एआयनं केलेला. क्षिप्राच्या मागे कृष्णात अगदी ऐटीत उभा, फेटा नीटनेटका, चेहऱ्यावर भरघोस हसू. कृष्णातचे पुढचे दात तंबाखूनं काळवंडलेले, फोटोतले पांढरेशुभ्र. आणि मंगलाष्टकं चालली होती तेव्हा तो हसत नव्हता, हे बाईंनी शेजारी उभं राहून पाहिलेलं होतं. क्षणभर वाटलं, पाठवून द्यावा, भावाला आनंद होईल, कुणाचं काही बिघडत नाही. मग त्यांनी फोटो पाठवला, पण कसा केलाय तेही सांगितलं.

कृष्णातनं फोटो पाहून फोन केला. ‘दिसतोय माझ्यावानी,’ तो म्हणाला. ‘पर ह्यो मी न्हवं आक्का. ऱ्हाऊ दे. मी तितं हुतो, ते क्षिप्राला ठाव हाय.’

दुसऱ्या दिवशी सकाळी बाईंनी मुलीला फोन करून सांगितलं की मी लिहिणार आहे. परवानगी मागितली नाही, आणि क्षिप्राला ते आवाजावरून कळलं. लिहायला त्यांना दुपार झाली. जोडप्याचे फोटो उत्तम आहेत. माणूस वेळेवर आला, बोलायला नम्र. ठरलेल्या दोघांपैकी एकाला मध्येच दुसरीकडे पाठवलं, त्यामुळे विधींचे फोटो राहिले आणि मुलीचा मामा अल्बममध्ये नाही. नंतर कॉम्प्युटरवर बनवलेला फोटो दिला, तो आम्हाला चालला नाही. बुकिंग करताना दोघंही शेवटपर्यंत थांबतील असं लिहून घ्या. खाली तीन स्टार आणि स्वतःचं पूर्ण नाव.

स्वराजचा लगेच फोन आला. तो चिडला होता. एवढं करून दिलं तरी असं लिहिलंत, म्हणाला. बाईंनी ऐकून घेतलं. ‘यातलं एक वाक्य खोटं असेल तर सांग, आत्ता काढते,’ त्या म्हणाल्या. त्यानं फोन ठेवला. त्याला यामुळे किती कामं कमी मिळाली, की काही फरकच पडला नाही, हे बाईंना कधी कळलं नाही. दोन-तीन दिवस त्यांना जेवण गोड लागलं नाही, आणि सुभाषराव मुद्दाम दुसऱ्याच गोष्टी काढत राहिले.

मग विहीणबाईंचा फोन आला. नाव पाहून बाईंनी टीव्ही बंद केला आणि मग फोन उचलला. वैजयंतीबाईंनी नेहमीसारखी तब्येतीची चौकशी केली आणि म्हणाल्या की अभिरामनं दाखवलं, मी वाचलं.

‘मामांचे फोटो नाहीत, हे आम्हाला कुणी बोललंच नाही,’ त्या म्हणाल्या. ‘माझ्या मोबाईलमध्ये आहे एक. मी तुमच्या समोरच्याच बाजूला होते ना. तसा नीट नाही आलेला.’

खरंच नीट नव्हता. कोपऱ्यात भटजींचा हात आलेला, अक्षता उडताना सगळं थोडं हललेलं. पण क्षिप्राच्या मागे कृष्णात होता, फेटा एका कानावर उतरलेला, आणि उपरण्याच्या टोकानं तो डोळे पुसत होता.

फोटो मिळाल्यावर कृष्णात आधी कुरकुरला. रडताना काढलेलाच मिळाला का, म्हणाला. पण त्यानं तो गडहिंग्लजला मोठा करून घेतला आणि दारातून येणाऱ्याला आधी दिसेल अशा भिंतीवर लावला. ते बाईंना भावजयीकडून कळलं.

त्या दिवशी फोन ठेवता ठेवता वैजयंतीबाई आणखी एक गोष्ट बोलल्या होत्या, की पुऱ्या आमच्या पंगतीला गारच होत्या, तुम्हाला वाईट वाटेल म्हणून बोललो नाही. दोघी त्यावर मनापासून हसल्या. जेवणाबद्दलचं लिहायचं राहिलंच होतं. दुपारची आवराआवर झाल्यावर बाईंनी चष्मा लावला, केटररचं पान उघडलं आणि सुरुवात मठ्ठ्यापासून केली, कारण मठ्ठा खरोखर चांगला होता.