फुटलेले कप

महाराष्ट्र नवा होता, तेव्हा धाड गावच्या एस.टी. थांब्यावर एका तिरसट माणसाचं चहाचं हॉटेल होतं. गिऱ्हाईक कोणीही असो, तो आठी घालूनच विचारायचा, "काय पाह्यजे बे?" गावकुसाबाहेरच्या वस्तीतल्या माणसांचे कप बाहेर वेगळे टांगलेले असत. सगळ्याच हॉटेलांत तशी रीत होती. मी शाळामास्तर; गावच्या सभेत समतेवर बोलून टाळ्या घेतल्या, तेव्हा तो मागे उभा राहून जांभया देत होता.

पुढच्या बाजारी बाहेरचे खिळे रिकामे दिसले.

"कप कुठी गेले?" एका मोठ्या बागायतदारानं विचारलं.

"फुटले."

"सगळेच?"

"हाव. आता सगळ्याइले एकच कप. चालत नसन तं समोरच्या हॉटेलात जा, मालक."

ते उठले. त्यांच्यामागून बाकीचेही उठले.

मी मागच्या दारानं आत गेलो आणि हळूच म्हणालो, "फार मोठं काम केलंस."

"मोठंबिठं राहू द्या, मास्तर. चहा पेता?"

त्यानं कप भरला, पण माझ्या हाती दिला नाही. रस्त्यावरच्या बाकड्यावर नेऊन ठेवला.

"इथं बसून प्या. लोकांले दिसाले पाह्यजे."

माझे पाय क्षणभर अडले. मग मी बसलो. सारा बाजार बघत असताना तो चहा सावकाश संपवला आणि दुसरा मागितला.