बापाचा खोकला

मी कॅमेरामन. नट नव्हे. पण नट ऐन वेळी टांग देतात, अन् मग दिग्दर्शकाची नजर कॅमेऱ्यामागे वळते. तलाठी, हवालदार, दोनदा मढं, असली कामं मी बरीच केली. लाइट आपणच लावायचा, कॅमेरा सहायकाच्या हाती द्यायचा अन् त्याच उजेडात जाऊन बसायचं. गंमत वाटायची.

चार वर्षांपूर्वी एका सिनेमात आजारी खाणकामगाराचं काम करणारा आलाच नाही. दिग्दर्शक म्हणाला, "तुम्ही राजूरचेच ना? बसा." बसलो. आमचे बाबा जन्मभर जमिनीखाली कोळसा काढून घरी बसलेले. मला कोणी अभिनय शिकवला होता? डाव्या हातानं बरगडी दाबायची, उजव्यानं खाट धरायची, खोकून झालं की डोळे पुसून म्हणायचं, "काही नाही, ठसका लागला." बाबांचं जसंच्या तसं उचललं. एका टेकमध्ये ओके. युनिटनं टाळ्या वाजवल्या, माझ्या अंगावर मूठभर मांस चढलं. लाज वाटायला हवी होती, वाटली नाही.

सिनेमा मोबाइलवर आला तेव्हा मीच हौसेनं घरच्या टीव्हीला जोडून दिला. बाबांचे खाणीतले दोन-तीन सोबती आले होते. माझा प्रसंग सुरू झाला तसे ते टीव्ही सोडून बाबांकडेच पाहायला लागले. एक जण हसला. "अगा, हा तं तुहाच खोकला हाय." बाबाही हसले, अन् मला चहा ठेवायला सांगितला.

सकाळी अंगणात त्यांनी विचारलं, "मी असा दिसतो का रे?"

"बाबा, अ‍ॅक्टिंग असते ते."

"मले वाटे, कोणाले समजत नाही."

एवढंच. रागावले असते तर बरं झालं असतं. त्यानंतर मी घरी असलो की बाबा खोकेनासेच झाले. ताटावरून मध्येच उठायचे, मागच्या दारी जायचे, नळ सोडून द्यायचे. औषध लागू पडलं असेल, अशी मी माझी समजूत घातली. आई आधीच गेलेली, सांगणारं कोणी नव्हतं. कसला डोंबलाचा कॅमेरामन मी. नटाच्या नाकावरची सावली मला बरोबर दिसते.

गेल्या उन्हाळ्यात बाबा अंगणात कोसळले. वणीला नेलं. डॉक्टरांनी मला विचारलं, "खोकला कधीपासून वाढला?" दोन वर्षांत मी तो ऐकलाच नव्हता. मग ते बाबांना म्हणाले, "काका, जरा खोकून दाखवा."

बाबांनी माझ्याकडे पाहिलं. "तू भायेर जाय."

मी बाहेर बाकावर बसलो. दार नुसतं लोटलेलं होतं. आतून ऐकू आला त्या खोकल्यापुढे मी सिनेमात केलेला काहीच नव्हता. बराच वेळ चालला, अन् आत जाऊन त्यांच्या पाठीवर हात फिरवायची मला सोय राहिली नव्हती.