मरणाऱ्या मामांची एक जिवंत भूमिका

बहिणीचा फोन आला तेव्हा मी ऑफिसात होतो. "रघुमामा गेले," ती म्हणाली, आणि माझ्या तोंडून निघून गेलं, "कुठल्या मालिकेत?" पलीकडे ती रडू लागली, तेव्हा कळलं की या वेळी ते खरोखरच गेले. त्या प्रश्नाची मला अजून लाज वाटते. पण सोलापुरात मामांना ओळखणाऱ्या कुणीही हेच विचारलं असतं. दोघातिघांनी विचारलंही होतं, असं मागाहून समजलं.

माझे हे मामा चादरींच्या दुकानात विक्रेते होते आणि सवड काढून सिनेमात मरत असत. हौशी नाटकात एकदा छातीला हात लावून असे काही कोसळले की पहिल्या रांगेतले डॉक्टर धावत रंगमंचावर गेले. तिथून जे सुरू झालं ते चाळीस वर्षं चाललं. हुंड्याची मागणी ऐकून मेले, साप चावून मेले, पोहता येत नसताना विहिरीत ढकलले जाऊन मेले. दूरदर्शनच्या काळात हळूहळू आणि खाजगी वाहिन्या आल्यावर भराभर मेले. दुकानात फोन यायचा, "मामा, सोमवारी मरायला येता का?" हातातली चादर गिऱ्हाइकापुढे पसरून ठेवत मामा म्हणायचे, "येतो की. पण सकाळीच उरका, दुपारची गाडी गाठायचीय." गिऱ्हाईक चादर तशीच सोडून त्यांच्या तोंडाकडे बघत राही.

खरी अडचण होती मामीची. केम गावच्या शेतकरी घरातली ही बाई. पहिला सिनेमा लागला तेव्हा मामांनी तिला कौतुकानं थेटरात नेलं. आम्ही पोरंही होतो. पंधरा मिनिटांत खलनायकानं मामांना गोळी घातली. मामी ताडकन उठली, मंगळसूत्र मुठीत धरलं आणि शेजारी बसलेल्या जिवंत मामांनाच म्हणाली, "घरला चला. आत्ताच्या आत्ता." घरी दारातच तिनं त्यांना थांबवलं. डोक्यावरून दोन बादल्या पाणी, कडुनिंबाचा पाला चावायचा, आणि मगच उंबरा ओलांडायचा... स्मशानातून आलेल्या माणसासारखं सगळं. "अगं, नाटकी मरण ते," मामा कुडकुडत म्हणाले. "नाटकी का आसंना, मेलासा न्हवं?" मामीनं निकाल दिला. मग तो रिवाजच पडला. मामा शूटिंगहून आले की बादली दारात. त्यांच्या कारकिर्दीपायी अंगणातल्या कडुनिंबाच्या खालच्या फांद्यांना कधी पालाच राहिला नाही. आणि मामीनं त्याच दिवशी सांगून टाकलं, "ज्यात शेवटपर्यंत जित्तं ऱ्हाताल, त्योच शिनेमा मी बघीन. दुसरा न्हाय."

आम्ही हसायचो. मामाही हसायचे, पण त्यांना ते आतून लागलं होतं. गावभर लोक वाहवा करत आणि घरचं माणूस मात्र एकही काम बघत नाही, याचं दुःख नटालाच ठाऊक. दर दिग्दर्शकाला ते विनवत, "आजारी पाडा, तुरुंगात घाला, पण मारू नका हो." दिग्दर्शक खांद्यावर हात ठेवून म्हणे, "मामा, तुमच्यासारखं कोसळतं कोण?" कलेनंच त्यांचा घात केला होता.

सत्तरी ओलांडल्यावर एका मालिकेत त्यांना आजोबांचं काम मिळालं. आजोबा पेपर वाचत, सुनांना टोमणे मारत आणि, मुख्य म्हणजे, जगत. मामी रोज साडेसातला इरकल नेसून टीव्हीपुढे बसू लागली. मामा मुंबईहून फोन करत तेव्हा तिच्या सूचना तयार असत. "त्या धाकल्या सुनेवर इस्वास ठिवू नगा. लई डांबीस हाय ती." मामा इतके खूश मी कधी पाहिले नव्हते. आठ महिने झाले आणि वाहिनीचं फर्मान आलं, आजोबांना मारा. त्यांच्या तेराव्याला परदेशातला मुलगा परतायचा होता.

चाळीस वर्षांत मामांनी सेटवर चहा गार आहे अशीसुद्धा तक्रार केली नव्हती. त्या दिवशी मात्र ते मरणशय्येवर मांडी घालून बसले आणि आडवे होईनात. दिवे लागलेले, सुना रडायला सज्ज... "मी मरणार नाही," मामा म्हणाले. दिग्दर्शक संतापला, मग त्यानं हात जोडले. लेखकानं वैतागून विचारलं, "अहो, मग मी तुमचं करू काय?" "काशीला पाठवा." "आणि परत कधी येणार?" "ते तुम्ही ठरवा. मी सोलापुरात वाट बघतो." कुणी परत बोलावलं नाही, त्या मालिकेत नाही आणि दुसरीकडेही नाही. मरायला नकार देणारा नट कुणाला हवा असतो? हे ओळखूनच ते अडून बसले होते, आणि याचा मला आजही अभिमान वाटतो. सोलापूरला परतल्यावर बॅग घेऊन ते सवयीनं घराच्या दाराबाहेर थांबले, तर मामी रिकाम्या हातानं आली. "आज सरळ आत या," एवढंच म्हणाली. पुढे मालिका संपेपर्यंत दोघं शेजारी बसून बघत आणि मामी त्यांनाच विचारी, "कदी यायलाय तुमी काशीहून?"

दोन महिन्यांपूर्वी, दुपारी जेवून झोपले ते उठलेच नाहीत. ना छातीला हात, ना अडखळतं शेवटचं वाक्य. एवढ्या वर्षांचा सराव त्यांनी चक्क वाया घालवला.

गेल्या आठवड्यात मामीला भेटायला गेलो. ती मालिका आता दुपारी पुन्हा दाखवतात. मामी बसलेली होती, मीही बसलो. आजोबा काशीला निघाले होते. सुनांनी नमस्कार केले, मामांनी पिशवी उचलली आणि ते दाराकडे वळले. तशी मामी जागेवरून ओरडली, "आवो, मफलर घ्या की! तितं लई थंडी आसती!" मी तिला काही म्हणणार, तोच दारात पोचलेले मामा थबकले... आणि त्यांनी मागे वळून पाहिलं.