वाळूत रोवलेलं पातं

ग्रीसमधल्या सालामिना बेटावरच्या हौशी नाटकमंडळीत असूनही दियामांदो कधी मंचावर आली नव्हती. बापाबरोबर मच्छीमारांच्या बोटींची इंजिनं दुरुस्त करण्यात तिचा जन्म गेला, आणि लग्न राहिलं ते राहिलंच. यंदा आपल्याच बेटाच्या जुन्या योद्ध्याची शोकांतिका होती. मानाची शस्त्रं दुसऱ्याला मिळतात, हा भ्रमिष्ट होऊन मेंढरं कापतो आणि शरमेने स्वतःच्या तलवारीवर पडतो. तलवार दियामांदोने केली होती. दाबली की पातं स्प्रिंगवर मुठीत शिरायचं. प्रत्येक प्रयोगाला ती स्वतः मूठ मंचावरच्या वाळूत रोवायची आणि तळहाताने पातं दाबून बघायची.

योद्धा झाला होता तिचा धाकटा भाऊ स्ट्रातिस. एकतीस वर्षं गोदीत घासली आणि मुकादमी मिळाली एका गोडबोल्याला. दोन वर्षं झाली, घरात तो पाहुण्यासारखा वावरायचा. मंचावर मात्र असा बोलायचा की ऐकणाऱ्यांच्या अंगावर काटा यायचा. दिग्दर्शक पानागोस त्याचं तोंड भरून कौतुक करी. दियामांदोला ते बोचायचं. हा मेला नट कधीपासून झाला?

शेवटच्या प्रयोगाला स्ट्रातिस म्हणाला, "ताई, आज मी रोवतो. तू बस जरा."

तिला बरं वाटलं, हेच तिचं चुकलं.

ऊन कललं. मंचावर स्ट्रातिसने योद्ध्याचं मरणाआधीचं भाषण, सूर्याचा निरोप, सुरू केलं. घाम पुसायला विंगेत दियामांदोने सामानाच्या टोपलीतला टॉवेल ओढला, तर त्यातून तिने केलेली तलवार निसटून पायावर पडली. मग वाळूत काय होतं?

ओरडावं तर तो घाई करेल. वंगणाने मळलेल्या एप्रनसकट ती सरळ मंचावर चालत गेली. कुणीतरी फिसकन हसलं. तिने वाळूतलं पातं उपटलं. ती घरचीच मासे कापायची लांब सुरी होती.

"बाजूला हो, ताई," तो हळूच म्हणाला. "सगळे बघतायत."

"बघू देत. घरी चल."

आत पानागोस तिच्यावर तुटून पडला. नाटकाचं वाटोळं केलं म्हणाला. "अगं, योद्ध्याला वाचवायला सगळे उशिरा पोचतात, हेच तर नाटक आहे!"

"म्हणून मी लवकर आले," असं म्हणून तिने सुरी त्याच्यापुढे ठेवली. त्याने धारेवर बोट फिरवलं आणि सुरी टॉवेलात गुंडाळली.

दोन वर्षांत पहिल्यांदा स्ट्रातिस रडला. दियामांदो त्याला जमतील तेवढ्या शिव्या घालत त्याच्या चिलखताचे पट्टे सोडत राहिली.