जायपत्रीचं झाड कुठलं?

मैत्रिणींनो, आज सकाळी बारा वर्षांच्या नातीला घेऊन सिंगापूरच्या जुन्या बागांच्या अर्ध्या दिवसाच्या सहलीला गेले. इथल्याच बेडोक भागात वीस वर्षं राहून मी या बागा पाहिल्या नव्हत्या.

मसाल्यांच्या बागेत गाइड अंकल एका झाडापाशी थांबून म्हणाले, "जायफळ आणि जायपत्री, दोन्ही याचीच."

मी त्यांना मध्येच थांबवलं. "चूक सांगताय. झाडं वेगळी असतात. चाळीस वर्षं मसाला घरी करते मी."

अंकल वाद घालत बसले नाहीत. खाली पडलेलं, छोट्या पेरूएवढं पिवळं फळ त्यांनी उकललं. आत काळपट बी आणि तिला बिलगलेली लालभडक जाळी. जाळी वाळली की जायपत्री, बी फोडली की जायफळ. चाळीस वर्षं दोन्ही माझ्या डब्यात शेजारी होती आणि मी कधी विचारलंच नाही.

नात तिच्या सिंगापुरी ढंगात कानाशी म्हणाली, "आजी, से सॉरी लाह. मला तर सगळ्यांसमोर म्हणायला लावतेस."

म्हटलं. सगळ्यांसमोर.

आता खरं सांगा, जायपत्री कुठे लागते हे तुमच्यापैकी किती जणींना माहीत होतं?