वामन गुरुजींचे डाळिंब आणि माझे रजिस्टर पत्र

मयताचे नाव : वामन गुरुजी, सेवानिवृत्त शिक्षक, राहणार जानेफळ. मृत्यूची वेळ : पोळ्यानंतर तिसऱ्या दिवशी सकाळी, आंघोळीचे पाणी तापत असता. हजर साक्षीदार : शेजारीण धुरपताबाई व किसन न्हावी. गैरहजर : एक, मयताची एकुलती एक कन्या शांता, बीबी या गावी दिलेली; दोन, प्रस्तुत लिहिणार, मेहकरच्या कचेरीसमोर बसणारा अर्जनवीस, राहणार जानेफळच. यांपैकी पहिली गैरहजर का राहिली, याचा खुलासा दुसऱ्याने करणे आवश्यक झाले आहे. सबब हा लेख.

बातमी किसनने आणली. मी निंबाखाली पाटावर कागद घेऊन एका बांधाच्या भांडणाचा अर्ज लिहीत होतो. किसन एस.टी.तून उतरून सरळ माझ्यासमोर येऊन उभा राहिला आणि म्हणाला, "गुरुजी गेले." मी मान वर केली, पुन्हा खाली घातली आणि अर्ज पुरा केला. तीस वर्षांच्या सवयीने हात थांबला नाही, एवढेच त्याचे कारण. सही घेतली, दौतीला बूच लावले, आणि मग किसनच्या मागे एस.टी.कडे निघालो. बीबीला निरोप धाडला होता. तिसऱ्या दिवशी तिकडून दोन पुरुष माणसे आली, राखेला हात जोडून, चहासुद्धा न घेता परत गेली. शांता आली नाही.

गुरुजींनी मला चौथीपर्यंत शिकवले. पुढे मी सातवीच्या परीक्षेस बसलो होतो, परंतु ते असो. ज्या अक्षरावर तालुक्यातील लोकांनी भरवसा ठेवला, ते त्यांच्या छडीखाली वळण घेतलेले अक्षर होते. या तीस वर्षांत अर्जाचे मथळे दोनदा बदलले. आधी मध्यप्रदेश, मग मुंबई राज्य, आणि आता महाराष्ट्र. माझे अक्षर बदलले नाही. नोकरी संपल्यावर गुरुजी बाजाराच्या दिवशी माझ्याबरोबर मेहकरला येत आणि निंबाच्या पारावर बसत. इंग्रजांच्या वेळच्या कोण्या तपासणी साहेबाने त्यांना एक पुठ्ठा निघालेले पुस्तक दिले होते. त्यात ग्रीक देशाच्या जुन्या देवादिकांच्या कथा होत्या. शब्दकोश घेऊन त्यांनी ते पुस्तक बारा वेळा वाचले होते, आणि कचेरीतल्या साहेबाची वाट पाहत बसलेल्या पक्षकारांना ते त्या कथा सांगत.

सिसिफस नावाच्या राजाला देवांनी शिक्षा दिली, की दगड डोंगरावर चढवायचा. माथ्याशी पोचला की तो खाली घरंगळायचा, आणि पुन्हा पहिल्यापासून. ही कथा ऐकून एक म्हातारा पक्षकार म्हणाला, "हे तं आमचंच काम हाय, गुरुजी. दगड वर नेला, का साहेब बदलते." सगळा पार हसला. गुरुजी हसले नाहीत. म्हणाले, "दगड तरी एकच होता त्याच्याजवळ. तुमच्याजवळ दोन मुकदमे हायेत." मीही व्यवसायाच्या दृष्टीने हरकती घेत असे. ऑर्फियस मेलेल्या बायकोला परत मागायला पाताळात गेला, आणि मागे वळून पाहू नये या अटीवर त्याला ती मिळाली, पण ऐन उंबरठ्यावर त्याने वळून पाहिले आणि ती गेली, हे ऐकून मी विचारले होते, की अट लेखी होती काय. गुरुजी म्हणाले, "नाही. तोंडी होती. म्हणून तं त्याले शेवटपर्यंत भरवसा वाटला नाही."

परंतु त्यांची खरी कथा एकच होती. धान्याची देवी डिमीटर, तिची लेक पर्सिफनी. पाताळाच्या राजाने लेक उचलून नेली. आई रानोमाळ हिंडली, आणि शेवटी एका विहिरीच्या काठावर जाऊन बसली. जमिनीत पेरलेले उगवेना. तेव्हा देवांचा राजा झ्यूस नरमला; पण लेकीने पाताळात डाळिंबाचे दाणे खाल्ले होते, आणि तिथले अन्न खाल्ले की तिथलेच व्हावे लागते. म्हणून वर्षातले काही महिने तिने नवऱ्याकडे राहावे, बाकीचे आईकडे, असा निवाडा झाला. बाजाराला आलेल्या बाया ही कथा ऐकताना टोपली खाली ठेवत. एक जण म्हणाली, "बरं झालं बाई. आमाले तं आखाजीचे चार दिस भेटले तरी लय."

शांता सहा वर्षांची असताना तिची आई गेली. गुरुजींनीच तिची वेणी घातली, भाकरी शिकवली, आणि बीबीला शेतकरी घर पाहून दिली. जावयाबद्दल त्यांनी कधी वावगा शब्द काढला नाही. अंगणात डाळिंबाचे झाड होते, ते शांतानेच लावलेले. मी एकदा थट्टेने म्हणालो, "गुरुजी, डाळिंब तर घात करणारं फळ." ते म्हणाले, "तिकडचे दाणे खाल्ले म्हणून ती तिकडची झाली. इकडचे खाल्ले तं इकडची काऊन नाही होणार?"

आता मूळ मुद्दा. लग्न झालेल्या लेकीला आखाजीला, म्हणजे अक्षय तृतीयेला, माहेरी आणायचे, तर भाऊ किंवा मामा मुराळी होऊन न्यायला जातो. शांताला भाऊ नाही. दोन वर्षे सासरच्यांनी कामामुळे तिला पाठवले नाही, तेव्हा गुरुजी माझ्या घरी आले. डोळ्यांत मोतीबिंदू उतरला होता. म्हणाले, "तूच जाय ना मुराळी होऊन. ती मामाच म्हणते तुले." माझ्याकडे त्या दिवसांत अर्जांची गर्दी होती. शिवाय मला मनापासून वाटत होते, की माणसापेक्षा कागदाचे वजन अधिक. मी म्हणालो, "मी पत्र लिहून देतो, गुरुजी. पाहा कसे पाठवत नाहीत ते."

त्यांनी सांगितलेला मजकूर मला आजही पाठ आहे. "व्याहीबुवा, झाडाले डाळिंबं लागली हायेत. पोरीले चार दिस पाठवा." एवढेच. मला ते अपुरे वाटले. एवढ्या मजकुरावर कोणी हालचाल करीत नाही, हा माझा अनुभव. मी विषय लिहिला : 'विवाहित कन्येस माहेरी पाठविण्यास विनाकारण केलेल्या प्रतिबंधाबाबत.' खाली मुद्दे काढले. आणि प्रत्येक अर्जाच्या शेवटी जे वाक्य माझ्या लेखणीतून आपोआप उतरते, तेही उतरले : 'मुदतीत समाधानकारक उत्तर न आल्यास नाइलाजाने पुढील कायदेशीर इलाज करावा लागेल व होणाऱ्या परिणामास आपण जबाबदार राहाल.' गुरुजींनी मी बोट ठेवले तिथे सही केली. पत्र रजिस्टर केले.

उत्तर आठ दिवसांत आले. व्याह्यांनी कळवले होते, की सोयरिकीत कोर्टाची भाषा आली, सबब मुलीचे माहेर आजपासून संपले. मी ते गुरुजींना वाचून दाखवले... म्हणजे, तसे वाचले नाही. "कामाची घाई आहे म्हणतात. पुढच्या वर्षी पाठवतो," असे वाचले. ते म्हणाले, "बरं. शेतीवाडीचं घर हाय."

त्यानंतर सात आखाज्या गेल्या. दर आखाजीला गुरुजी झाडाचे एक डाळिंब तोडून रस्त्याकडच्या खिडकीत ठेवत. ते तिथेच वाळून लाकडासारखे होई. मी येता-जाता ते पाही.

शेवटची भेट पोळ्याच्या आदल्या दिवशी झाली. मी त्यांच्या ओट्यावर बसलो होतो. ते एकाएकी म्हणाले, "किसन बीबीच्या बाजारात गेला होता, लय आधी. त्याले समजलं होतं तुझ्या पत्रात काय होतं, अन् उत्तर काय आलं ते." मी विचारले, "कधीपासून ठाऊक आहे तुम्हाला?" ते म्हणाले, "पाच वर्षं झाली असतीन." मग म्हणाले, "कागद तुझा होता, सही माझी होती. वाचून घेतल्याबिगर सही करू नये, हे मीच शिकवलं ना तुले? मंग मीच काऊन केली?" मी पाय धरायला वाकलो, तर म्हणाले, "राहू दे. त्या डिमीटरनं पाह्य, कोणाले काही लिहिलं नाही. नुसती जाऊन बसली."

घराची किल्ली धुरपताबाईंकडे आहे. परवा मी आत गेलो. पुस्तक कोनाड्यात आहे, चष्मा त्यावर. खिडकीत यंदाच्या आखाजीचे डाळिंब तसेच आहे, कडक आणि हलके. हातात घेतले तर आत दाणे खुळखुळले. परत ठेवले.

सबब, बीबी येथील मंडळींस विनंती येणेप्रमाणे. त्या पत्रातील एकही शब्द वामन गुरुजींचा नव्हता; सर्व शब्द माझे होते. त्यांचे शब्द वर दिले आहेत, ते दोनच ओळी आहेत. त्या शांताला वाचून दाखवाव्यात, आणि येत्या आखाजीला तिला चार दिवस पाठवावे. मी मुराळी म्हणून स्वतः येईन, हातात कागद नसेल. उत्तर द्यावे, ही प्रार्थना. न आल्यास पुढील इलाज मी काहीही करणार नाही. आपल्या विहिरीच्या काठावर येऊन बसेन.